सोन्याची वाट आणि पटकी: १८४९च्या एका खाणकऱ्याच्या पत्रांवरून प्रकरण अभ्यास

कॅलिफोर्नियाच्या सोन्यासाठी निघालेल्या माणसांनी घरी लिहिलेली पत्रं अमेरिकेतल्या ग्रंथालयांत मोठ्या संख्येनं जपलेली आहेत. एकामागून एक वाचत गेलं की त्यांचा क्रम ओळखीचा होतो. आधी तब्येत, मग वाटेतली किंवा खाणीतली माणसं कशी आहेत ते, आणि मग सोनं. 'मी बरा आहे' ही पहिली ओळ आपण शिष्टाचार म्हणून ओलांडून जातो, पण १८४९ आणि १८५० साली ती बातमी होती, कारण त्या दोन्ही वर्षी कॉलरा, म्हणजे पटकी, सोन्याच्याच वाटेनं चालत होता.

या लेखातला माणूस खरा आहे. त्याची रोजनिशी, त्याची पत्रं आणि घरून त्याला गेलेली पत्रंही टिकली आहेत. दोन्ही बाजूंची पत्रं हाती असणं हा दुर्मीळ योग असतो, म्हणून हे प्रकरण निवडलं. नाव देत नाही. त्यानं कोणत्या वेळी काय ठरवलं आणि ठरवताना त्याला काय माहीत होतं, एवढंच पाहायचं आहे.

पार्श्वभूमी

वय २७. न्यू यॉर्क राज्याच्या पश्चिम टोकाला, नायगारा नदी ओंटारिओ सरोवराला मिळते त्या भागात घरची शेती. घरात आई, भाऊ, बायको आणि वर्षाचीही न झालेली मुलगी. शेतीवर खाऊनपिऊन सुखी, पण हातात रोकड थोडी. तो शिकलेला होता, लिहिण्याची सवय होती. बेत साधा होता: जायचं, सुमारे १० हजार डॉलर मिळवायचे, परत यायचं. भाऊ घर आणि शेत सांभाळणार होता.

१८४८च्या जानेवारीत कोलोमा इथे जॉन सटरच्या लाकूड गिरणीजवळ जेम्स मार्शलला सोनं सापडलं. पूर्व किनाऱ्यावर त्या गोष्टीवर खरा विश्वास बसला तो डिसेंबर १८४८मध्ये, अध्यक्ष जेम्स पोक यांनी काँग्रेसला पाठवलेल्या संदेशात तिला दुजोरा दिला तेव्हा. आणि त्याच डिसेंबरात युरोपातून आलेल्या जहाजांबरोबर कॉलरा न्यू ऑर्लीन्सला उतरला. बंगालमधून निघालेल्या साथीची ही तिसरी मोठी लाट होती. सोन्याची बातमी आणि रोग एकाच महिन्यात अमेरिकेत पसरू लागले, आणि दोघांनाही वाहून नेणाऱ्या आगबोटी त्याच होत्या. पुढे जून १८४९मध्ये पोक स्वतः कॉलऱ्यानेच गेले. अध्यक्षपद सोडून त्यांना जेमतेम साडेतीन महिने झाले होते आणि घरी परतण्याची त्यांची वाट न्यू ऑर्लीन्सवरून गेली होती.

आमचा शेतकरी एप्रिल १८४९मध्ये निघाला.

प्रश्न काय होता

वरवर पाहिलं तर प्रश्न एवढाच होता की कॅलिफोर्नियाला कसं पोचायचं. तीन वाटा होत्या. दक्षिण अमेरिकेच्या टोकाला केप हॉर्नला वळसा घालून समुद्रानं जायचं, म्हणजे पाच-सहा महिने किंवा त्याहूनही जास्त. नाहीतर पनामापर्यंत जहाजानं, मग होडी आणि खेचरावरून जंगल ओलांडून पलीकडे दुसरं जहाज. ही वाट लवकरची, पण महाग आणि तापाची. तिसरी खुष्कीची: मिसूरी नदीच्या काठावरून बैलांच्या गाड्यांनी सुमारे ३२०० किलोमीटर.

शेतकऱ्याला खुष्कीची वाट स्वस्त आणि ओळखीची. बैल हाकता येतात, गाडीचं चाक दुरुस्त करता येतं. शिवाय त्या वर्षी २५ ते ३० हजार माणसं याच वाटेनं कॅलिफोर्नियाकडे निघाली. एवढी माणसं जातात म्हटल्यावर वाट सुरक्षित वाटते. संकट नेमकं त्यातच होतं.

गाड्यांना निघण्याची वेळ गवत ठरवायचं. कुरणात बैलांपुरतं गवत उगवल्याशिवाय निघता येत नाही, आणि फार उशीर केला तर सिएरा नेवाडाच्या घाटात बर्फात अडकायचं. त्यामुळे हजारो गाड्या मे महिन्याच्या त्याच काही आठवड्यांत त्याच गावांतून सुटत, प्लॅट नदीच्या काठानं त्याच वाटेनं जात आणि रात्री त्याच तळांवर उतरत. काल शंभर माणसं जिथे शौचाला बसली, तिथलंच पाणी आज दुसरी शंभर माणसं पीत. एकोणिसाव्या शतकात पंढरीच्या वारीच्या वाटेवर पटकी का पसरायची हे ज्यानं वाचलं आहे, त्याला प्लॅटच्या काठाचं वेगळं स्पष्टीकरण लागणार नाही.

त्यात प्लॅट नदी उथळ आणि गढूळ. म्हणून लोक काठच्या वाळूत दोन-चार फुटांचे खड्डे खणत आणि त्यात झिरपलेलं पाणी पीत. ते दिसायला स्वच्छ होतं. पण खड्डा असे तळाच्या कुशीत, आणि तळाची घाण त्याच वाळूतून झिरपत असे.

म्हणजे खरा प्रश्न असा होता: ज्याचं कारण कुणालाच माहीत नाही अशा रोगाच्या वाटेनं जाताना माणसानं निर्णय कशावरून घ्यायचे? आणि दोन-तीन महिन्यांच्या अंतरावर असलेल्या घरच्यांना त्यातलं किती सांगायचं?

पहिला निर्णय: सेंट लुईसवरून जायचं

घरून तो सरोवरांवरच्या बोटीनं पश्चिमेला गेला, शिकागोपासून कालव्यानं आणि इलिनॉय नदीनं सेंट लुईसला, तिथून मिसूरी नदीनं इंडिपेंडन्स या गावाला. त्या काळी हीच रुळलेली वाट. अडचण अशी की न्यू ऑर्लीन्सहून आलेला कॉलरा मिसिसिपीनं वर चढून त्या वसंतात सेंट लुईसमध्ये मुक्कामाला होता. त्या वर्षभरात तिथे साडेचार हजारांवर माणसं गेली. शहरानं नदीतल्या बेटावर क्वारंटाइन सुरू केलं ते जूनच्या अखेरीला, म्हणजे कॅलिफोर्नियाला जाणारे हजारो प्रवासी शहरातून पुढे निघून गेल्यावर.

साथ होती हे त्याला माहीत असणारच, वर्तमानपत्रांत ते छापून येत होतं. पण रोग हवेतल्या दुर्गंधीनं होतो, भित्र्या, दारुड्या आणि अस्वच्छ लोकांना होतो, असाच बहुतेक डॉक्टरांचाही समज होता. कष्टाळू, न पिणारा, तरुण शेतकरी स्वतःला त्या यादीत कसा धरेल? त्याच्या समजानुसार शहरातून लवकर बाहेर पडून मोकळ्या कुरणात गेलं की धोका संपत होता. निर्णय त्या समजाशी सुसंगत होता. समजच चुकीचा होता.

दुसरा निर्णय: कंपनीत सामील व्हायचं

घरून तो तीन सोबत्यांबरोबर निघाला होता. इंडिपेंडन्सला त्यांच्यापुढे दोन पर्याय होते: चौघांनी मिळून स्वतःची गाडी घ्यायची, किंवा मिशिगनहून आलेल्या साठेक जणांच्या एका भागीदारी कंपनीत प्रत्येकी १०० डॉलर भरून शिरायचं. अशा कंपन्यांना लेखी नियम असत, निवडलेला कॅप्टन असे, बहुधा एखादा डॉक्टरही असे. तोटे उघड होते. पैसे अडकतात, वेग सगळ्यांत मंद बैलांचा, आणि प्रत्येक गोष्टीवर मतदान.

ते कंपनीत गेले. या प्रकरणातला सर्वात चांगला निर्णय मला हा वाटतो, आणि त्याचं फळ पंधरवड्याच्या आत मिळालं. मेच्या उत्तरार्धात, प्रवास जेमतेम सुरू झालेला असताना, त्याला जोराची हगवण लागली आणि तो आडवा झाला. कॉलऱ्याच्या त्या मोसमात असं पोट बिघडलं की काय वाटत असेल ते सांगायला नको. कॉलऱ्यात शरीरातलं पाणी इतक्या झपाट्यानं जातं की सकाळी धडधाकट असलेला माणूस संध्याकाळी गेलेला असे. उपचार नसले तर जवळपास निम्मे रोगी दगावतात.

तो गाडीत पडून राहिला. बैल दुसऱ्यांनी हाकले, स्वयंपाक दुसऱ्यांनी केला, रात्री जागलंही दुसऱ्यांनीच. ज्यांची गाडी एकट्यादुकट्याची होती त्यांना थांबावं लागे, आणि थांबायचं म्हणजे घाण झालेल्या त्याच तळावर राहायचं आणि तेच पाणी प्यायचं. कंपनीमुळे त्याला पडून राहता आलं आणि त्याच वेळी पुढेही सरकता आलं. त्याला हे दोन्ही मिळालं, बहुतेकांना मिळालं नाही.

तिसरा निर्णय: थांबायचं की पळायचं

साथीला तोंड देताना तांड्यांमध्ये सर्वात जास्त भांडणं या प्रश्नावर झाली. माणूस मरायला टेकला असेल तर सगळ्या तांड्यानं थांबावं का? काही तांडे थांबले. काहींनी रोग्याजवळ दोन माणसं ठेवली आणि बाकीचे पुढे गेले. काहींनी रोग्याला हलत्या गाडीतच ठेवलं. सोडून गेलेलेही होते. रोजनिशी लिहिणारे अनेक जण त्या दिवसांत रोज दिसलेल्या थडग्यांची मोजदाद ठेवत, फळीवरची नावं आणि गावं उतरवून घेत, आणि तेवढी माहिती पत्रातून मेलेल्याच्या गावी कळवत.

पुढे पळण्याकडे बहुतेकांचा कल होता, आणि त्यांच्या अनुभवानं तो बरोबर ठरला. फोर्ट लॅरामी या वाटेवरच्या ठाण्याच्या पुढे कॉलरा हळूहळू ओसरला. प्रवाशांनी श्रेय डोंगराच्या शुद्ध हवेला दिलं. खरी कारणं अशी की पुढची पाण्याची ठिकाणं जास्त वाहती होती, तांडे विखुरले होते, आणि ज्यांना रोग व्हायचा होता त्यांना तो होऊन गेला होता. चुकीच्या कारणानं बरोबर गोष्ट करण्याचं हे चांगलं उदाहरण आहे. पण त्याला दुसरी बाजू आहे. पळणारे पुढच्या तळावर लवकर पोचत होते आणि रोगही सोबत नेत होते. एका तांड्याच्या दृष्टीनं पळणं शहाणपणाचं होतं. सगळी वाट एकत्र पाहिली तर त्याच पळण्यानं साथ पुढे सरकत होती.

कॉफीचंही असंच झालं. वाटेवर जो तो कॉफी प्यायचा, आणि कॉफीसाठी पाणी उकळावं लागतं. पाणी उकळल्यानं आपण वाचतोय हे कुणाला माहीत नव्हतं. कॉफी पिणाऱ्यांना त्या खड्ड्यांतल्या पाण्यापासून थोडंफार संरक्षण मिळालं असणार. तहान लागली की तेच लोक खड्ड्यातलं कच्चं पाणीही पीत होते.

औषधं मात्र बहुधा अपायच करत होती. कॅलोमेल, म्हणजे पाऱ्यापासून केलेलं जुलाबाचं औषध. लॉडेनम, म्हणजे अफूचा अर्क. कापूर, लाल मिरची, आणि काही डॉक्टरांचं रक्त काढणं. ज्याच्या शरीरातलं पाणी संपत आलंय त्याला जुलाब देणं किंवा त्याचं रक्त काढणं म्हणजे काय, हे आज सांगायला लागू नये. तरुण शरीर आणि सोबत्यांची शुश्रूषा यांच्या जोरावर आमचा शेतकरी उठला.

चौथा निर्णय: घरी काय लिहायचं

मला या सगळ्या प्रकरणातला खरा अवघड निर्णय हाच वाटतो.

वाटेवर टपालाची सोय म्हणजे फोर्ट कर्नी आणि फोर्ट लॅरामी ही लष्करी ठाणी, नाहीतर उलट दिशेनं परत चाललेला एखादा माणूस. पत्र पोचेल की नाही, कधी पोचेल, काही सांगता येत नसे. कॅलिफोर्नियाहून पूर्वेला पत्र जाई ते पनामामार्गे आगबोटीनं, अर्ध्या औंसाला ४० सेंट देऊन. १८४९च्या सुरुवातीपासून पॅसिफिक मेल कंपनीच्या बोटी डाक नेऊ लागल्या, पण खाणीत बसलेल्या माणसाला सॅन फ्रान्सिस्कोच्या पोस्टासमोरच्या लांबलचक रांगेत उभं राहणं शक्य नव्हतं. मग खासगी निरोपे आले. त्यांतला एक सुरुवातीला खाणीत पोचवलेल्या एका पत्राला एक औंस सोनं घ्यायचा, म्हणजे १६ डॉलर. आणि माणसं ते देत होती.

अशा परिस्थितीत आजारी असताना पत्र लिहावं का? लिहिलं, तर 'मी आजारी आहे' ही ओळ घरी पोचेल तेव्हा तो एक तर बरा झालेला असेल किंवा पुरलेला. पुढचं पत्र येईपर्यंत बायको-आई त्या ओळीवर महिना-दोन महिने काढणार. नाही लिहिलं, तर त्यांना शेजाऱ्याच्या पत्रातून कळणार, कारण त्याच्या सोबत्यांचीही त्याच गावात घरं होती आणि तेही पत्रं लिहीत होते. गावात पत्र आलं की ते चार घरांत वाचलं जाई.

त्यानं जे केलं ते असं: आजारपणाची हकीकत रोजनिशीत गेली, घरी ती कळली तो बरा झाल्यावर, आणि तीही काळजीचं कारण आता उरलं नाही या सुरात. त्या काळची इतरही अनेक पत्रं अशीच आहेत. कॉलरा दुसऱ्यांना झाला, मागच्या तांड्याला झाला, आता ओसरला.

त्याला दोष द्यावासा मला वाटत नाही. पण घरच्या बाजूची पत्रं वाचली की या पद्धतीची किंमत कळते. वर्तमानपत्रांत मिसूरीकाठच्या आणि कुरणातल्या मृत्यूंच्या बातम्या येतच होत्या. पत्रात कॉलऱ्याचा उल्लेख नसला की घरचे निर्धास्त होत नसत, उलट आणखी घाबरत. शिवाय त्याच उन्हाळ्यात कॉलरा त्यांच्याही दाराशी आला होता. जवळच्या बफेलो शहरात शेकडो माणसं गेली. म्हणजे दोन्हीकडे साथ, दोन्हीकडे मौन, आणि दोन्हीकडे 'आम्ही सगळे बरे आहोत'. घरून निघालेली पत्रं त्याच्या हाती पडायला कित्येक महिने लागले. तोवर आपली लहान मुलगी आहे की नाही हेसुद्धा त्याला माहीत नव्हतं.

भावाची पत्रं मला यातली सर्वात मोलाची वाटतात. तो शेताची खबर देतो, पैशाचा हिशोब सांगतो, आणि धाकदपटशा न करता एकच मुद्दा पुन्हा पुन्हा मांडतो: पैसा मिळाला नाही तरी चालेल, तब्येत घालवू नकोस, परत ये. माणूस अपयशाच्या लाजेनं परत येत नसेल, तर परतीचं दार उघडं आहे हे कुणीतरी लिहून ठेवावं लागतं. भावानं ते केलं.

मधला काळ

पुढची वाट आणि खाणीतलं वर्ष इथे थोडक्यात सांगतो. कंपनीनं जवळची वाट समजून लासेनचा फाटा घेतला. तो प्रत्यक्षात सुमारे ३०० किलोमीटर लांबचा निघाला. मागे राहिलेल्या प्रवाशांसाठी लष्कराच्या मदतीच्या तुकड्या अन्न आणि जनावरं घेऊन डोंगरात पाठवाव्या लागल्या. नोव्हेंबर १८४९मध्ये तो सॅक्रामेंटो खोऱ्यात उतरला. फेदर नदीच्या दक्षिण फाट्यावर सोबत्यांसह लाकडाची खोली बांधली, १८५०च्या उन्हाळ्यात धरण घालून नदीचं पात्र वळवण्याच्या कामात महिने घालवले. पात्राच्या तळातून निघालेलं सोनं कष्टांच्या मानानं नगण्य होतं. ओळखीच्यांनी इकडे येऊ नये असं त्यानं घरी स्पष्ट कळवलं.

पाचवा निर्णय: परत जायचं, पण कधी आणि कुठून

१८५०च्या शरदात तो निघायचं ठरवतो आणि नेमका तेव्हाच कॉलरा कॅलिफोर्नियात पोचतो, या वेळी समुद्रमार्गे. ऑक्टोबरच्या मध्यावर कॅलिफोर्नियाला राज्याचा दर्जा मिळाल्याची बातमी बोटीनं आली आणि सगळीकडे जल्लोष झाला. २० ऑक्टोबरला सॅक्रामेंटोच्या धक्क्यावर समुद्रमार्गे आलेला एक प्रवासी कॉलऱ्यानं शेवटच्या घटका मोजताना सापडला. पुढच्या सुमारे तीन आठवड्यांत सहा-सात हजार वस्तीच्या त्या गावातले बहुतेक लोक पळाले आणि शेकडो मेले. १७ डॉक्टर रोग्यांची सेवा करताना गेले. साथीचं वर्णन लिहून ठेवणारे डॉ. जॉन मॉर्स तिथलेच. महापौर हार्डिन बिगलो ऑगस्टमधल्या जमिनीच्या दंगलीत जखमी होऊन सॅन फ्रान्सिस्कोला गेले होते, तेही तिथे नोव्हेंबरमध्ये कॉलऱ्यानंच वारले.

खाणीतून समुद्राकडे जाणारी वाट याच खोऱ्यातून जात होती. पर्याय तीन. डोंगरातच दुसरा हिवाळा काढायचा, म्हणजे साथीपासून दूर, पण स्कर्व्ही, उपासमार आणि आणखी एक वाया गेलेलं वर्ष. केप हॉर्नवरून जायचं, म्हणजे पनामाचा ताप चुकतो, पण महिने लागतात आणि भाडं द्यायचं आहे. किंवा साथीच्या गावांतून झपाट्यानं निघून पनामा.

त्यानं तिसरा पर्याय घेतला. या वेळी तो कुरणातला नवखा प्रवासी नव्हता. साथीच्या गावात मुक्काम वाढवायचा नाही हे त्याला अनुभवानं कळलं होतं. नोव्हेंबरमध्ये तो सॅन फ्रान्सिस्कोहून जहाजात बसला, खेचर आणि होडीनं पनामाची पट्टी ओलांडली, आणि तिथे ताप घेऊनच पुढे गेला. चाग्रेस नदीच्या त्या वाटेवर हिवताप आणि पिवळा ताप दोन्ही होते. पनामातून परतणारी माणसं आजारी नसली तरच नवल.

शेवटी काय झालं

फेब्रुवारी १८५१मध्ये तो घरी पोचला. खिशात १० हजारांऐवजी काही शे डॉलर. आई, बायको, मुलगी, भाऊ सगळे होते. पुढे त्यानं पीचच्या बागा लावल्या, त्या भागातला मोठा बागायतदार झाला, आणि ऐंशीच्या पुढे जगला. पुन्हा कॅलिफोर्नियाला गेला नाही.

काय वेगळं करता आलं असतं

वाटेबद्दल बोलायचं तर सेंट लुईस टाळून उत्तरेकडून, आयोवातून कौन्सिल ब्लफ्सला जाता आलं असतं. मॉर्मन पंथाचे लोक ती वाट वापरतच होते. पण ती निवडायला रोग आगबोटींबरोबर फिरतो हे मान्य असायला हवं होतं.

तांड्यांबद्दल: प्रत्येक तांड्यानं पिण्याचं पाणी तळाच्या वरच्या अंगाला घेतलं असतं आणि शौचाची जागा दूर व खाली ठेवली असती, तर पुष्कळ फरक पडला असता. एका कंपनीचे लेखी नियम त्याला पुरेसे होते. जुगार आणि रविवारची विश्रांती यांवर कलमं लिहिणाऱ्यांनी पाण्यावर एक कलम लिहिलं असतं तर! पण लिहिणार कोण? लंडनच्या जॉन स्नो यांनी कॉलरा पाण्यातून पसरतो असं मांडणारी पुस्तिका काढली ती ऑगस्ट १८४९ची. तोपर्यंत आमचा शेतकरी फोर्ट लॅरामी कधीच मागे टाकून गेला होता. स्नो यांचं म्हणणं पुढेही बरीच वर्षं मानलं गेलं नाही.

उपचारांचं मात्र तसं नाही, आणि मला सर्वात हळहळ वाटते ती इथे. कॉलऱ्याच्या रोग्याच्या रक्तातलं पाणी आणि क्षार कमी होतात हे विल्यम ओशॉनेसी या तरुण डॉक्टरानं इंग्लंडमधल्या साथीत दाखवून दिलं होतं. पुढे हेच ओशॉनेसी हिंदुस्थानात आले आणि त्यांनी इथे तारायंत्राचं जाळं उभारलं. स्कॉटलंडमध्ये थॉमस लॅटा यांनी १८३२ साली मिठाचं पाणी शिरेतून देऊन काही मरणोन्मुख रोगी परत आणले होते. हे वैद्यकीय नियतकालिकात छापलेलं होतं. पण उपचार अगदी शेवटी केले गेले, सुया आणि पाणी निर्जंतुक नव्हतं, बरेच रोगी गेलेच, आणि ती पद्धत मागे पडली. ज्ञान १७ वर्षं जुनं होतं, तरी गाड्यांतले डॉक्टर कॅलोमेल देत होते.

आणि गाडीत काय होतं पाहा. प्रवाशांच्या सामानाच्या याद्यांत साखर असे, मीठ असे, भाकरी फुगवण्यासाठी खाण्याचा सोडा असे, आणि चुलीवर कॉफीचं उकळतं पाणी. १९७१ साली बांगलादेशातून आलेल्या निर्वासितांच्या बनगावच्या छावणीत डॉ. दिलीप महालनबीस यांनी ग्लुकोज, मीठ आणि खाण्याचा सोडा पाण्यात मिसळून ते पिंपांतून नातेवाइकांकरवी पाजलं, आणि मृत्यूचं प्रमाण तीस टक्क्यांच्या आसपासून चार टक्क्यांच्या खाली आणलं. आतड्याला साखरेच्या सोबतीनं मीठ आणि पाणी शोषता येतं हे त्यासाठी आधी कळावं लागलं, ते विसाव्या शतकात कळलं. १८४९च्या प्रवाशाकडे वस्तू सगळ्या होत्या.

पत्रांच्या बाबतीत वेगळं करणं मात्र त्याच्या हातात होतं. लांब, सविस्तर, धीर देणाऱ्या पत्रासाठी सवड शोधण्यापेक्षा भेटेल त्या परतणाऱ्या माणसाबरोबर तारीख, ठिकाण आणि 'जिवंत आहे' एवढी चिठ्ठी दिली असती, तर घरच्यांची कित्येक आठवड्यांची घालमेल वाचली असती. निघण्यापूर्वीच भावाशी ठरवून घेता आलं असतं की आजार झाला तर तुला खरं लिहीन, आईला कधी सांगायचं ते तू ठरव. आजही घरापासून दूर कामाला गेलेल्या माणसाच्या घरच्यांना हा सल्ला मी देईन.

पत्रं वाचणाऱ्यांसाठी

या पत्रांवरून साथीचा इतिहास लिहिताना दोन गोष्टी सांभाळाव्या लागतात. पहिली, पत्रं वाचलेल्यांची आहेत. मेलेल्याचं शेवटचं पत्र असलंच तर ते 'मी बरा आहे' असं सांगणारं असतं. म्हणून पत्रांसोबत थडग्यांच्या नोंदी, सोबत्यांनी विधवेला लिहिलेली पत्रं आणि लष्करी ठाण्यांचे अहवाल ठेवून वाचले पाहिजेत.

दुसरी गोष्ट या पत्रांत जवळजवळ नाहीच. प्लॅटच्या काठी पॉनी या मूळनिवासी लोकांची गावं होती, त्याच्या दक्षिणेला आणि पश्चिमेला शायान या दुसऱ्या मूळनिवासी लोकांचे तळ. १८४९च्या त्या उन्हाळ्यात प्रवाशांकडून आलेल्या कॉलऱ्यानं बाराशेच्या आसपास पॉनी माणसं मेली, म्हणजे त्यांच्यातली साधारण दर चारांतलं एक. शायानांपैकी अंदाजे निम्मे गेले असं मानतात. प्रवाशांच्या पत्रांत या लोकांचा उल्लेख येतो तो मुख्यतः चोरीच्या किंवा हल्ल्याच्या भीतीनं, कधी वाटेत दिसलेल्या ओसाड तळाच्या वर्णनात. आपणच त्यांच्यापर्यंत रोग आणला ही जाणीव फार थोड्या ओळींत सापडते. शायानांची बाजू त्यांच्या पुढच्या पिढ्यांनी तोंडी जपली आणि नंतर ती लिहून घेतली गेली. पॉनींची मोजदाद सरकारी एजंटाच्या अहवालात आहे. आमच्या शेतकऱ्याचं मे-जून १८४९चं पत्र वाचताना हे दोन्ही शेजारी उघडून ठेवल्याशिवाय ते पत्र पुरतं वाचून होत नाही.